गेम आपल्याकडे नेमका किती वाजता उघडतो? कन्सोल, रीजन आणि न्यूझीलंडबद्दल वारंवार विचारले जाणारे प्रश्न

मोठा गेम यायचा असला की आदल्या दिवशी ठरलेले मेसेज येतात. "रात्री बाराला येणार ना?" "माझ्याकडे अजून कुलूप दाखवतंय, तुझ्याकडे?" "ते न्यूझीलंडचं काय असतं, परत सांग ना." दर वेळी नव्याने सांगून कंटाळलो, म्हणून एकदाचं नीट लिहून काढतोय. एक्सबॉक्स, प्लेस्टेशन किंवा निन्टेन्डोवर डिजिटल गेम घेणाऱ्यांसाठी हे पान आहे. पीसीवाले मध्ये मध्ये येतील, कारण बाराला बसलेल्या माणसाचा घोटाळा बऱ्याचदा त्यांच्या वेळा वाचूनच होतो.

पैसे भरले, गेम पूर्ण उतरला. मग चालू का होत नाही?

उतरलेली फाइल ही कुलूप लावलेली पेटी आहे. पेटी घरी आली तरी किल्ली कंपनीच्या सर्व्हरवर असते आणि ठरलेल्या क्षणाआधी ती मिळत नाही. गेम असा आधीच उतरवून ठेवण्याला प्रीलोड म्हणतात. प्लेस्टेशनवर प्री-ऑर्डर केलेला गेम बहुधा दोन दिवस आधी आपोआप उतरू लागतो. एक्सबॉक्सवर तो त्याहून बराच आधीही मिळू शकतो. उतरल्यावर गेमच्या चिन्हावर बारीक कुलूप दिसतं आणि उघडून पाहिलं तर किती वेळ उरलाय तो आकडा.

तो आकडा जपा. बातम्या, व्हिडिओ, मित्राचा मित्र, सगळे एका बाजूला आणि तुमच्या कन्सोलवरचा उलटा मोजणारा आकडा दुसऱ्या बाजूला. तो तुमच्या खात्याला आणि तुमच्या गेमला लागू असलेली वेळ दाखवतो, दुसऱ्या कुणाची नाही.

कन्सोलचं घड्याळ एक दिवस पुढे केलं तर?

काही होत नाही. वेळ सर्व्हर बघतो. उलट तारीख चुकल्यामुळे साइन-इनच्या भानगडी सुरू होतात. पूर्वी मोबाइलवरच्या छोट्या गेममध्ये हा उद्योग चालायचा, इथे नाही.

"शुक्रवारी रात्री १२ वाजता" म्हणजे कुठल्या रात्री?

हसू नका, सगळ्यात जास्त माणसं इथेच फसतात. मराठीत आपण "शुक्रवारी रात्री बारा" म्हणतो तेव्हा शुक्रवार संपतानाची वेळ मनात असते. आपल्या बोलण्यातला दिवस झोपेपर्यंत चालतो, पंचांगातला तर सूर्योदयाला बदलतो. गेम कंपनीचा शुक्रवार मात्र गुरुवारची रात्र संपते त्या ठोक्याला सुरू होतो. म्हणजे आपल्या भाषेत "गुरुवारी रात्री बारा".

एका मित्राने यापायी शुक्रवारची रजा टाकली नाही, शनिवार-रविवारचं नियोजन केलं आणि शुक्रवारी दुपारी ऑफिसच्या कॅन्टीनमध्ये गेमचा शेवट ऐकून घरी आला. तेव्हापासून मी वेळ सांगताना "गुरुवार-शुक्रवारच्या मधली रात्र" असं लांबलचक सांगतो. ऐकायला विचित्र वाटतं, पण चूक होत नाही.

बारा वाजले, पण कुणाचे?

खरा प्रश्न हा आहे. तारीख सगळ्यांना माहीत असते, घड्याळ कुठलं ते कुणी विचारत नाही. कंपन्या साधारण दोन पद्धतींनी गेम उघडतात.

पहिली पद्धत म्हणजे ज्या त्या देशाच्या मध्यरात्री. तारखेची रेघ ओलांडून दिवस आधी न्यूझीलंडला उजाडतो, मग ऑस्ट्रेलिया, जपान, आपण, युरोप आणि शेवटी अमेरिका. लाट पुढे सरकावी तसा गेम देशोदेशी उघडत जातो. कन्सोलवर बरेच गेम असेच येतात आणि भारतीय खात्यावर ते आपल्या रात्री बाराला उघडतात. अमेरिकेत पुन्हा एक पोटनियम आहे. तिथे बऱ्याचदा अख्ख्या देशासाठी न्यूयॉर्कची मध्यरात्र धरतात, म्हणजे कॅलिफोर्नियात आदल्या रात्री नऊलाच कुलूप निघतं.

दुसरी पद्धत म्हणजे सगळ्या जगात एकाच क्षणी. १ सप्टेंबर २०२३ ला स्टारफिल्डचा अर्ली अॅक्सेस (महागडी आवृत्ती घेणाऱ्यांना आधी खेळायची मुभा) सुरू झाला तेव्हा न्यूयॉर्कमध्ये ३१ ऑगस्टच्या रात्रीचे आठ वाजले होते, आपल्याकडे १ तारखेचे पहाटेचे साडेपाच आणि ऑकलंडमध्ये भर दुपारचे बारा. आधी उजाडूनही न्यूझीलंडवाल्यांना सकाळभर बसून राहावं लागलं. डायब्लो ४ सुद्धा असाच आला: कॅलिफोर्नियात ५ जून २०२३ चे दुपारी चार, आपल्याकडे ६ जूनचे पहाटे साडेचार. ज्या गेमला सतत सर्व्हर लागतो तिथे हीच पद्धत जास्त दिसते. सर्व्हर एकदाच चालू करायचे, त्यावर लक्ष ठेवणारी माणसं कामाच्या वेळेत जागी हवीत, आणि कथानक फुटण्याची भीतीही कमी.

घोषणेचा नकाशा वाचायची सोपी खूण सांगतो. नकाशावर प्रत्येक शहराखाली वेगवेगळी वेळ छापलेली असेल, कुठे सकाळ, कुठे संध्याकाळ, तर गेम एकाच क्षणी उघडणार. सगळीकडे "स्थानिक मध्यरात्र" लिहिलं असेल तर लाट येणार.

माझा मित्र पीसीवर पहाटे साडेपाचला बसला, मी कन्सोलवर बारालाच सुरू केला. असं कसं?

कारण एकाच गेमला दोन नकाशे असू शकतात. सायबरपंक २०७७ हे यातलं ठळक उदाहरण. तारीख १० डिसेंबर २०२०. कन्सोलवर स्थानिक मध्यरात्र, पीसीवर सगळ्या जगात लंडनची मध्यरात्र. त्यामुळे पुण्यातला कन्सोलवाला रात्री बाराला आत, पीसीवाला पहाटे साडेपाचला. कॅलिफोर्नियात बरोबर उलटं झालं: पीसीवाल्याला ९ तारखेच्या दुपारी चारलाच गेम मिळाला आणि कन्सोलवाला रात्रीची वाट बघत बसला.

एल्डन रिंगच्या वेळीही, फेब्रुवारी २०२२ मध्ये, कन्सोल आणि पीसीचं घड्याळ वेगळं होतं. तेव्हा वेळ बघताना आधी खाली बारीक अक्षरात कुठलं मशीन लिहिलंय ते बघा.

न्यूझीलंडची युक्ती म्हणजे काय, आणि ती चालते का?

चालते, पण एक्सबॉक्सवर आणि तीही लाटेने येणाऱ्या गेमसाठीच.

एक्सबॉक्समध्ये सेटिंग्जमधल्या सिस्टीम विभागात भाषा आणि स्थान असा पर्याय आहे. तिथे देश म्हणून न्यूझीलंड निवडायचा आणि कन्सोल रीस्टार्ट करायचा. आता कन्सोल स्वतःला ऑकलंडच्या आसपास समजतो, आणि तिथे मध्यरात्र उलटली असेल तर भारतात विकत घेतलेला तुमचा गेमही उघडतो. आपल्या घड्याळात ती वेळ कधी येते? न्यूझीलंडमध्ये सप्टेंबरच्या शेवटच्या रविवारपासून एप्रिलच्या पहिल्या रविवारपर्यंत घड्याळ तासभर पुढे असतं. त्या काळात त्यांची मध्यरात्र म्हणजे आपले दुपारचे साडेचार. एरवी संध्याकाळचे साडेपाच. थोडक्यात, रात्रीचं जागरण टळून गेम चहाच्या वेळेला सुरू.

मी पहिल्यांदा हे केलं तेव्हा साडेचारला उघडला नाही म्हणून वैतागून तीनदा कन्सोल बंद-चालू केला. चूक माझीच होती. ऑगस्ट महिना होता, तासभर आधीच बसलो होतो. साडेपाचला कुलूप गेलं, तोपर्यंत चहा निवला होता.

तीन गोष्टी लक्षात ठेवा. एक, आपल्याकडे गेम रीतसर उघडेपर्यंत स्थान बदलून परत भारत करू नका, नाहीतर पुन्हा कुलूप पडू शकतं. दोन, त्या वेळात स्टोअरमध्ये खरेदी करायला जाऊ नका, किमती न्यूझीलंडच्या डॉलरमध्ये दिसतात आणि कार्डाची कटकट होते. तीन, गेम एकाच क्षणी उघडणारा असेल तर हा सगळा खटाटोप वाया जातो. स्टारफिल्डच्या वेळी हेच झालं. एक्सबॉक्सचाच गेम असून युक्तीला दाद नाही, कारण तिथे न्यूझीलंडलाच दुपारपर्यंत मिळाला नव्हता.

मुलगा कन्सोलमध्ये काहीतरी न्यूझीलंड करतोय. काही बिघडेल का हो? (एका आईचा प्रश्न)

काकू, कन्सोलचं काही बिघडत नाही. तो कन्सोलचं स्थान बदलतोय, ते सेटिंग्जमधून परत भारत करता येतं. फक्त त्याला विचारा की तो कन्सोलचं स्थान बदलतोय की मायक्रोसॉफ्ट खात्याचा देश. या दोन वेगळ्या गोष्टी आहेत. खात्याचा देश तीन महिन्यांतून एकदाच बदलता येतो, खात्यातले शिल्लक पैसे सोबत जात नाहीत आणि चालू वर्गणीचा गोंधळ होऊ शकतो. तो खात्याला हात लावत असेल तर मात्र थांबवा. आणि दुपारी साडेचारला क्लास असेल तर तो प्रश्न वेगळा, त्यात मी पडत नाही.

प्लेस्टेशनवर हीच युक्ती का चालत नाही?

प्लेस्टेशन कन्सोल कुठे आहे ते बघत नाही, खातं कुठल्या देशाचं आहे ते बघतं. आणि खात्याचा देश एकदा ठरला की ठरला, सोनी तो बदलू देत नाही. नवं खातं काढणं एवढाच मार्ग उरतो.

काही हौशी लोक खरोखर न्यूझीलंडचं खातं काढतात, तिथल्या चलनातलं गिफ्ट कार्ड मिळवतात, गेम त्या खात्यावर घेतात आणि कन्सोल शेअरिंग चालू करून आपल्या नेहमीच्या खात्यावरून खेळतात. होतं. पण साडेसात तासांसाठी तुम्ही गेमची मालकी कायमची एका परक्या खात्यावर टाकता. पुढे त्या गेमचा जादा भाग घ्यायचा तर पुन्हा तेच खातं, पुन्हा तेच कार्ड. मला विचाराल तर तेवढ्यात एक झोप काढावी.

माझं प्लेस्टेशनचं खातं अमेरिकेचं आहे, राहतो नाशिकला. मला कधी मिळणार?

अमेरिकेच्या वेळेने. म्हणजे गेम लाटेने येत असेल तर शेजारच्या घरातला भारतीय खातेवाला रात्री बाराला सुरू करेल आणि तुम्हाला बहुधा सकाळी साडेनऊ किंवा साडेदहापर्यंत थांबावं लागेल.

साडेनऊ की साडेदहा, हे महिन्यावर. अमेरिकेत मार्चच्या दुसऱ्या रविवारी घड्याळ पुढे जातं आणि नोव्हेंबरच्या पहिल्या रविवारी मागे येतं. उन्हाळी वेळेत न्यूयॉर्कची मध्यरात्र आपल्याकडे सकाळी ९:३०, हिवाळ्यात १०:३०. ज्यांच्या घरी अमेरिकेतल्या लेकीला फोन करायची सवय आहे त्यांना हा तासाचा फरक तोंडपाठ असतो, गेम खेळणाऱ्या नातवाला नसतो. आपल्याकडे घड्याळ वर्षभर एकच, म्हणून चूक आपल्या बाजूला दिसत नाही.

निन्टेन्डोचं काय? भारतात तर ती कंपनी विकतच नाही.

बरोबर, भारतासाठी त्यांचं डिजिटल स्टोअर नाही. आपल्याकडचे बहुतेक स्विच, म्हणजे निन्टेन्डोचे कन्सोल, बाहेरून आलेले असतात आणि खातं अमेरिकेचं किंवा दुसऱ्या एखाद्या देशाचं काढलेलं असतं. स्विच मार्च २०१७ मध्ये आला तेव्हा निन्टेन्डोने रीजनची जुनी बंदी, म्हणजे एका विभागाचा गेम दुसऱ्या विभागाच्या यंत्रावर न चालू देणं, उठवली. त्याआधीचे त्यांचे वी, वी यू आणि ३डीएस हे कन्सोल पक्के रीजन-बंद होते.

अमेरिकन खात्यावर निन्टेन्डोचे स्वतःचे गेम सहसा न्यूयॉर्कच्या मध्यरात्री उघडतात. मे २०२३ मध्ये झेल्डाचा नवा भाग, टिअर्स ऑफ द किंग्डम, आपल्याकडच्या अमेरिकन खातेवाल्यांना १२ तारखेला सकाळी साडेनऊला मिळाला. जपानी खातं असतं तर ११ तारखेला रात्री साडेआठलाच, कारण जपान आपल्यापेक्षा साडेतीन तास पुढे आहे.

मग सगळ्यांनी जपानी खातं का काढू नये? निन्टेन्डोच्या खात्याचा देश बदलता येतो, पण आधी शिल्लक शून्य करावी लागते. शिवाय २५ मार्च २०२५ पासून जपानच्या ई-शॉपने, म्हणजे निन्टेन्डोच्या डिजिटल स्टोअरने, परदेशात दिलेली क्रेडिट कार्डं आणि पेपाल घेणं बंद केलं. आता तिथलं प्रीपेड कार्ड लागतं.

स्विच २ घेताना आणखी एक सावधगिरी. जून २०२५ मध्ये जपानात त्याचे दोन प्रकार आले: ४९,९८० येनचा फक्त जपानी भाषेचा आणि ६९,९८० येनचा बहुभाषिक. स्वस्तातला प्रकार जपान देश असलेल्या खात्यांनाच जोडला जातो. कुणी टोकियोहून येताना "स्वस्तात मिळाला" म्हणत आणला, तर खोक्यावर काय लिहिलंय ते आधी वाचा.

जीटीए ६ आपल्याकडे किती वाजता येणार?

रॉकस्टारने नोव्हेंबर २०२५ मध्ये जाहीर केलेली तारीख १९ नोव्हेंबर २०२६. त्याआधी हाच गेम २०२५ च्या शरद ऋतूत आणि मग २६ मे २०२६ ला येणार होता, तेव्हा रजेचा अर्ज पेन्सिलीने लिहा.

ती तारीख धरून गणित मांडू, म्हणजे कुठल्याही गेमला लावता येईल. १९ तारखेला गुरुवार आहे. गेम लाटेने आला तर भारतीय खात्यावर बुधवारी रात्री बारा, आपल्या बोलीतला बुधवार. एक्सबॉक्स न्यूझीलंडवर केलेल्यांना बुधवारी दुपारी साडेचार. प्लेस्टेशनच्या अमेरिकन खात्यावर न्यूयॉर्कची मध्यरात्र धरली तर गुरुवारी सकाळी साडेदहा, कारण नोव्हेंबरात तिथे घड्याळ मागे गेलेलं असतं. आणि एकाच क्षणी उघडायचं ठरवलं तर वरची तिन्ही उत्तरं खोडायची आणि कंपनीच्या नकाशातली वेळ घ्यायची. एकाच गेमला भारतात बसून चार वेळा निघू शकतात, त्यात खोटं कुणीच बोलत नसतं.

अर्ली अॅक्सेसचे जास्त पैसे भरले तर?

महागडी आवृत्ती घेतली की काही दिवस आधी खेळता येतं. हॉगवर्ट्स लेगसीला ७२ तास मिळाले होते, स्टारफिल्डला पाच दिवस. पण त्या आधीच्या दिवसालाही घड्याळ असतंच. "तीन दिवस आधी" म्हणजे आपल्याकडे बरोबर ७२ तास आधी असं धरून बसू नका, ती वेळ वेगळी जाहीर होते.

काही गेम काही देशांत महिनोन् महिने उशिरा, किंवा येतच का नाहीत?

इथे घड्याळ सोडून कॅलेंडरकडे यावं लागतं.

पूर्वी हा उशीर नेहमीचाच होता. फायनल फँटसी ७ जपानात जानेवारी १९९७ मध्ये आला, अमेरिकेत सप्टेंबरमध्ये, युरोपात नोव्हेंबरमध्ये. भाषांतर, छपाई, वितरक, सगळं देशागणिक वेगळं. अलीकडे, २०१६ मध्येही पर्सोना ५ जपानात सप्टेंबरला येऊन बाकीच्या जगाला एप्रिल २०१७ पर्यंत थांबावं लागलं. त्याच २०१६ च्या नोव्हेंबरमध्ये फायनल फँटसी १५ सगळीकडे एकाच तारखेला आला. डिजिटल विक्री वाढली तशी कंपन्यांनी भाषांतर गेम बनत असतानाच करायला घेतलं. आज उशीर झाला की लोक बातमी करतात, तेव्हा उशीर झाला नाही तर बातमी व्हायची.

आपली नव्वदीची पिढी तर या सगळ्याच्या बाहेर, नकळत जपानी रीजनमध्ये राहत होती. टीव्ही गेम म्हणून घरोघर असलेली ती खोकी फॅमिकॉम या निन्टेन्डोच्या जपानी कन्सोलची नक्कल होती. त्याची कॅसेट साठ पिनांची, त्याच्याच अमेरिकेतल्या रूपाची, एनईएसची, बहात्तर. अमेरिकन यंत्रात परकी कॅसेट नाकारणारी चिप होती, फॅमिकॉममध्ये नव्हती. म्हणून फुंकर मारून कुठलीही "इतक्या-इन-१" कॅसेट चालायची. पुढे रीतसर प्लेस्टेशन घरी आले तेव्हा आपण पॅल या टीव्ही-पद्धतीच्या विभागात गेलो, युरोपसोबत, आणि पहिल्यांदा कळलं की दुबईहून मामाने आणलेली डिस्क आणि सिंगापूरहून आलेली डिस्क सारखी नसते. पॅल टीव्ही सेकंदाला ५० वेळा चित्र बदलायचा, जपानी-अमेरिकन ६० वेळा. नीट न जुळवलेले गेम आपल्याकडे सहाव्या हिश्शाने संथ चालायचे आणि आपल्याला वाटायचं गेमच असा आहे.

दुसरं कारण मानांकन, म्हणजे गेम कुठल्या वयासाठी आहे ते ठरवणारा शिक्का. जपानात सेरो, अमेरिकेत ईएसआरबी, युरोपात पेगी, ऑस्ट्रेलियात सरकारी मंडळ. मानांकन मिळालं नाही तर दुकान उघडत नाही. डिस्को एलिझियमच्या अंतिम आवृत्तीला ऑस्ट्रेलियाने मार्च २०२१ मध्ये नाकारलं आणि मे महिन्यात प्रौढांसाठी म्हणून मान्यता दिली. द कॅलिस्टो प्रोटोकॉल जपानात आलाच नाही, कारण सेरोला हवे तसे बदल करायला निर्माते तयार नव्हते.

भारताचं नाव या यादीत एकदा ठळकपणे आलं. ऑक्टोबर २००८ मध्ये मायक्रोसॉफ्टने फॉलआउट ३ एक्सबॉक्स ३६० वर भारतात आणणार नाही असं सांगितलं. सांस्कृतिक संवेदनशीलता, एवढंच कारण दिलं. लोकांनी मग गेममधल्या ब्राह्मिन नावाच्या दोन डोक्यांच्या गायीकडे बोट दाखवलं. कंपनीने तसं कधी म्हटलं नाही, पण दुसरं काही कुणाला सापडलंही नाही.

डिस्क कुठलीही चालते म्हणतात. मग रीजनचा प्रश्न डिजिटलपुरताच का?

पीएस४ आणि पीएस५ ची डिस्क कुठल्याही देशाची चालते, हे खरं. फसवणूक पुढे होते. मी एकदा जुन्या गेमच्या दुकानातून स्वस्तात डिस्क आणली. दुकानदार म्हणाला, "साहेब, बिनधास्त न्या, कुठलीही चालते." चाललीच. महिनाभराने जादा भाग आला, तो मी भारतीय स्टोअरवरून घेतला, उतरवला, आणि गेमला त्याचा पत्ताच नाही. डिस्क अमेरिकन होती, जादा भाग आपल्याकडचा. दोघांचे आतले क्रमांक जुळत नव्हते. शेवटी डिस्क विकून तोच गेम पुन्हा घेतला आणि पहिल्यापासून खेळलो, कारण जुना सेव्हही नव्या आवृत्तीत येईना.

तेव्हा घेताना खोक्याच्या समोरच्या कोपऱ्यात बघा. काळ्या-पांढऱ्या चौकोनात एम किंवा टी असं अक्षर असेल तर अमेरिकन. रंगीत चौकोनात १२, १६, १८ असा आकडा असेल तर युरोपची, आणि आपल्याकडे अधिकृत येणाऱ्या डिस्क बहुतेक याच घराण्यातल्या. जपानी मजकुरासोबत ए ते झेडमधलं अक्षर असेल तर जपानी.

अमेरिकेतल्या भावाने गिफ्ट कार्ड पाठवलं. भारतीय खात्यावर चालेल?

नाही. कार्ड ज्या देशाचं, खातं त्याच देशाचं हवं. माझ्या मावसभावाने न्यू जर्सीहून वाढदिवसाला पन्नास डॉलरचा कोड पाठवला होता. मी तो चार वेळा टाइप केला, शून्य आणि ओ अदलाबदल करून पाहिले, आणि मग खालची ओळ वाचली. पुढच्या वर्षी त्याने थेट मोजे पाठवले.

व्हीपीएन लावून आधी खेळता येईल?

कन्सोलवर त्याचा उपयोग जवळजवळ शून्य. एक्सबॉक्स आपल्या सेटिंगमधला देश बघतो, प्लेस्टेशन आणि निन्टेन्डो खात्याचा. इंटरनेट कुठून येतंय याच्याशी कुलपाचा संबंध नाही. वेग मात्र कमी होईल.

वेळ झाली, पैसे आहेत, तरीही भारतात न मिळणारं काही आहे का?

आहे. प्लेस्टेशन प्लस या वर्गणीचा सगळ्यात वरचा प्रकार २०२२ मध्ये भारतात डीलक्स नावाने आला, प्रीमियम नावाने नाही. फरक क्लाउडवरून खेळण्याचा. पीएस३ चे जुने गेम त्या मार्गानेच मिळतात, त्यामुळे ते आपल्या यादीत नाहीत.

याच्या उलट, एकदा आपण सुदैवी ठरलो. मे २०२४ मध्ये हेलडायव्हर्स २ च्या पीसी खेळाडूंना प्लेस्टेशनचं खातं जोडणं सक्तीचं करायचं ठरलं. जिथे प्लेस्टेशनची सेवाच नाही अशा पावणेदोनशेहून जास्त ठिकाणी तो गेम स्टीम या पीसीच्या डिजिटल स्टोअरवरून काढला गेला. लोक पैसे भरून, तीन महिने खेळून बसले होते. इतका गदारोळ झाला की सोनीने काही दिवसांत सक्ती मागे घेतली. भारतात सेवा असल्याने आपल्याला झळ बसली नाही, पण रीजन हा शब्द विकत घेतलेल्या गोष्टीलाही नंतर कसा लागू होऊ शकतो ते दिसलं.

प्रीलोड राहून गेला. बाराला डाउनलोड सुरू केला तर कधी खेळेन?

१०० जीबीचा गेम, १०० एमबीपीएसचं कनेक्शन, सगळं अगदी पूर्ण वेगाने चाललं तर सव्वादोन तास. ५० चं कनेक्शन असेल तर साडेचार. प्रत्यक्षात बाराला सगळी सोसायटी तेच करत असते, म्हणून यात भर धरा. वाय-फाय सोडून वायर लावा. आणि राउटर इन्व्हर्टरवर आहे का ते बघून ठेवा, लाइट नेमकी अशाच रात्री जाते.

वेळ उलटून गेली, आकडा शून्यावर आला, तरी कुलूप तसंच आहे!

घाबरू नका, बऱ्याचदा कन्सोलने किल्ली मागितलेलीच नसते. रेस्ट मोडमधून उठवलेला असेल तर पूर्ण बंद करून चालू करा. पीएस५ वर सेटिंग्जमध्ये युजर्स अँड अकाउंट्स, तिथे अदर, तिथे रिस्टोअर लायसन्सेस. मग गेमवर जाऊन अपडेट तपासा, पहिल्या दिवसाचा पॅच अर्धवट असेल तरी गेम सुरू होत नाही. आणि शेवटी, ज्या खात्यावर पैसे भरलेत त्याच खात्याने साइन-इन केलंय ना, हे बघा. मागच्या वेळी रात्री सव्वाबाराला मला फोन करून ओरडणारा पुतण्या बहिणीच्या खात्यावर बसला होता.